अमेरिकेंतील वाक्स्वातंत्र्य आणि अश्लीलतेचा कायदा

'अश्लील' या शब्दाची व्युत्पत्ति मोठी बोधक आहे. 'श्री' म्हणजे शोभा. ती ज्यांत नाहीं तें 'अश्रील', आणि रकाराचा लकार होऊन 'अश्लील'. मम्मटाचार्यांनीं 'काव्यप्रकाशां'त अश्लीलत्व हा एक काव्यदोष मानून त्याचे तीन प्रकार सांगितले आहेत. ज्यानें लाज वाटते तें एक, ज्यानें किळस येते तें दुसरें आणि ज्यानें अमंगलाची सूचना होते तें तिसरें. येथें लक्षांत घेण्यासारखी गोष्ट ही कीं, आमच्या आलंकारिकांनीं दोष सांगितला, पण त्यासाठीं तुरुंग सांगितला नाहीं. कवि चुकला तर सहृदयांनीं नाक मुरडावें, एवढीच काय ती शिक्षा. 'कुमारसंभवा'च्या आठव्या सर्गांत जगाच्या मातापित्यांचा शृंगार वर्णिला आहे, तो अनुचित होय, असें आनंदवर्धनासारख्या मर्मज्ञानेंही म्हटलें. परंतु कवीच्या शक्तीमुळें तें अनौचित्य झांकून जातें, असेंही त्यानेंच पुढें म्हटलें. आम्ही शिक्षक मंडळी तो सर्ग वर्गांत वगळीत आलों. मल्लिनाथानें मात्र त्यावर निःसंकोचपणें टीका लिहून ठेविली आहे.

पाश्चात्य देशांत ही गोष्ट निराळ्या वाटेनें गेली. तेथें अश्लीलता हा ग्रंथाचा दोष न राहतां ग्रंथकाराचा, आणि त्याहीपेक्षां विक्रेत्याचा, गुन्हा ठरली. त्यांतही अमेरिकेची कथा विशेष विचार करण्याजोगी आहे. कारण त्या राष्ट्राच्या घटनेला १७९१ सालीं जी पहिली दुरुस्ती जोडली गेली तींत असें स्वच्छ शब्दांत लिहिलें आहे कीं, भाषणाचें किंवा मुद्रणाचें स्वातंत्र्य कमी करणारा कोणताही कायदा काँग्रेसनें करूं नये. 'कोणताही' म्हटल्यावर अपवादास जागा कोठें राहिली? तरी त्याच देशांत एका आईला, आपल्या मुलांसाठीं लिहिलेल्या पुस्तिकेबद्दल, आरोपी म्हणून न्यायालयांत उभें राहावें लागलें.

कुटुंबांत वाचल्या जाणाऱ्या मासिकांत हा विषय कशाला, असें एखादे वडीलधारे गृहस्थ विचारतील. त्यांस उत्तर एवढेंच कीं, या सर्व खटल्यांच्या मुळाशीं घरांतलाच प्रश्न आहे. मुलांच्या हातीं काय पडावें, आणि तें ठरविण्याचा अधिकार आईबापांचा कीं पोस्टमास्तरचा? ज्या पुस्तकांवर खटले झाले त्यांतील मजकुराविषयीं येथें कांहीं सांगण्याचें कारण नाहीं. नांवें पुरेशीं आहेत.

प्रथम एक भ्रम दूर केला पाहिजे. पहिल्या दुरुस्तीनें हात बांधले ते मध्यवर्ती काँग्रेसचे. निरनिराळ्या संस्थानांचे, म्हणजे तेथील 'स्टेट्स'चे, हात मोकळेच राहिले, ते १९२५ सालपर्यंत. या संस्थानांनीं इंग्लंडचा रूढ कायदा जसाच्या तसा उचललेला होता. त्याच्या आधारें १८१५ सालीं फिलाडेल्फिया येथें एका गृहस्थास, घरांत पैसे घेऊन एक बीभत्स चित्र दाखविल्याबद्दल, दोषी ठरविण्यांत आलें. १८२१ सालीं मॅसॅच्युसेट्समध्यें पीटर होम्स नामक प्रकाशकास 'फॅनी हिल' या नांवानें प्रसिद्ध असलेली इंग्रजी कादंबरी छापल्याबद्दल शिक्षा झाली. होम्सचें म्हणणें असें कीं, पुस्तकांतील आक्षेपार्ह वाक्यें आरोपपत्रांत दिलेलीं नाहींत, तर मीं उत्तर द्यावें कशाचें? न्यायालयानें सांगितलें कीं, तीं वाक्यें दप्तरीं उतरविणें म्हणजे सरकारनेंच त्या घाणीस चिरंजीव करणें होय. युक्तिवाद चतुर खरा, पण ज्या शब्दांसाठीं शिक्षा ते शब्द दप्तरांत नाहींत, हा न्याय कोणत्याही न्यायशास्त्रांत बसविणें कठीण. वाचकांनीं या कादंबरीचें नांव लक्षांत ठेवावें. ती पुन्हा भेटणार आहे.

पुढील पन्नास वर्षें हा विषय निजल्यासारखाच होता. १८४२ सालीं परदेशांतून येणाऱ्या अश्लील चित्रांना जकातीच्या कायद्यानें बंदी झाली, यापलीकडे मध्यवर्ती सरकारनें फारसें कांहीं केलें नाहीं. मग यादवी युद्ध झालें, खेड्यांतले तरुण शहरांत आले, टपाल स्वस्त झालें, आणि अँथनी कॉम्स्टॉक नांवाचा एक मनुष्य रंगभूमीवर आला.

कॉम्स्टॉकचा जन्म १८४४ सालीं कनेक्टिकटमधील एका धर्मनिष्ठ शेतकऱ्याच्या घरीं झाला. तो दहा वर्षांचा असतां आई वारली. युद्धांत शिपाईगिरी करून तो न्यूयॉर्कास आला आणि एका कापडाच्या पेढीवर कारकून झाला. सोबतचे तरुण जीं पुस्तकें वाचीत तीं पाहून त्याचें पित्त खवळलें, आणि त्यानें पुस्तकें विकणारांस पोलिसांच्या ताब्यांत देण्याचा सपाटा चालविला. ख्रिस्ती तरुणांच्या संघांतील धनिक लोकांनीं त्याच्या पाठीवर हात ठेवला. १८७३ च्या आरंभीं हा मनुष्य जप्त केलेल्या वस्तूंची पिशवी घेऊन वॉशिंग्टनला गेला आणि ती त्यानें काँग्रेसच्या सभासदांसमोर उघडली. अधिवेशन संपत आलें होतें. वादविवाद जवळजवळ झालाच नाहीं. ३ मार्च १८७३ रोजीं राष्ट्राध्यक्ष ग्रँट यांनीं कायद्यावर सही केली. अश्लील पुस्तक, चित्र, पत्रिका, तसेंच संततिनियमनाचें साधन किंवा त्याची नुसती माहितीही, टपालानें पाठविणारास पांच हजार डॉलरपर्यंत दंड किंवा दहा वर्षांपर्यंत सक्तमजुरी, अथवा दोन्ही. या कायद्याची अंमलबजावणी करण्यासाठीं टपालखात्यानें खास अंमलदार नेमला तो कोण? स्वतः कॉम्स्टॉक. आरंभीं त्यानें पगारही घेतला नाहीं.

येथें त्या मनुष्याविषयीं न्यायबुद्धीनें बोललें पाहिजे. तो लांचखाऊ नव्हता, भित्राही नव्हता. १८७४ सालीं एका आरोपीनें त्याच्या तोंडावर सुरी चालविली, तो व्रण झांकण्यासाठीं त्यानें गालमिशा राखल्या आणि काम पुढें चालू ठेवलें. शाळकरी मुलांना हेरून त्यांना घाणेरडीं चित्रें विकणारे लोक त्या काळीं न्यूयॉर्कांत होते, हेंही खरें. पण असल्या मनुष्याचा दोष असा असतो कीं, त्याला वैद्यकाचें पुस्तक आणि वेश्येचें चित्र यांत भेद दिसत नाहीं. उतारवयांत तो अभिमानानें सांगे कीं, मीं शिक्षा देवविलेले लोक बसवावयाचे तर एकसष्ट डब्यांची आगगाडी लागेल, आणि १६० टन वाङ्मय मीं नष्ट केलें आहे. त्या टनांत काय काय गेलें असेल याचा विचार करावा! त्याच्या नांवावरून निघालेला 'कॉम्स्टॉकरी' हा शब्द बर्नार्ड शॉ यांनीं १९०५ सालीं गाजविला, तो इंग्रजी कोशांत आजही आहे.

या कायद्याचा वरवंटा कसा फिरे त्याचें एकच उदाहरण देतों. एझरा हेवूड नांवाच्या सुधारकानें विवाहसंस्थेवर टीका करणारी एक पुस्तिका लिहिली. तिच्यांतील भाषा तात्त्विक, आज वाचली तर झोंप यावी अशी. त्याबद्दल १८७८ सालीं त्याला दोन वर्षांची शिक्षा झाली. परंतु राष्ट्राध्यक्ष हेज यांनीं त्याच वर्षाअखेर ती माफ केली. तीच पुस्तिका विकल्याबद्दल डी. एम. बेनेट या वृद्ध संपादकास १८७९ सालीं तेरा महिन्यांची शिक्षा झाली, आणि त्यासाठीं लाखों लोकांच्या सह्यांचा अर्ज गेला असतांही याच हेज यांनीं त्याला माफी दिली नाहीं. लेखक सुटला आणि विक्रेता तुरुंगांत गेला! हा बेनेट सुटल्यावर जगाच्या प्रवासास निघाला आणि १८८२ च्या जानेवारींत आपल्या मुंबईसही येऊन गेला. कर्नल ऑल्कॉट आणि मॅडम ब्लॅव्हॅट्स्की त्या वेळीं तेथेंच होते. त्यांच्या थिऑसॉफिकल सोसायटीचा तो सभासदही झाला.

बेनेटच्या खटल्याला कायद्याच्या इतिहासांत आणखी एक महत्त्व आहे. त्यांत अमेरिकन न्यायाधीशांनीं इंग्लंडांतील 'हिक्लिन' खटल्याची कसोटी उघडपणें स्वीकारली. ती कसोटी १८६८ सालीं सरन्यायाधीश कॉकबर्न यांनीं घालून दिली होती, ती अशी: ज्यांचीं मनें अशा वाईट संस्कारांस वश होण्याजोगीं आहेत आणि ज्यांच्या हातीं हें लेखन पडण्याचा संभव आहे, त्यांना बिघडविण्याकडे त्याचा कल आहे काय? या वाक्याचा नीट अन्वय लावून पाहावा. वाचक कोण धरावयाचा, तर सर्वांत दुर्बळ मनाचा. पुस्तक समग्र पाहावयाचें कीं नाहीं? तशी अट नाहीं. एक पान काळें निघालें कीं पुरे. या मापानें 'महाभारता'चीं किती पर्वें शिल्लक राहतील याची गणती वाचकांनीं आपल्या घरीं करावी.

इंग्रजी अंमलाबरोबर हीच कसोटी हिंदुस्थानांतही आली. रघुनाथ धोंडो कर्वे यांच्या 'समाजस्वास्थ्य' मासिकावर १९३४ सालीं खटला झाला, तेव्हां त्यांची बाजू डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनीं मांडली; तरी कर्वे यांना दंड झालाच. स्वातंत्र्यानंतरही ती कसोटी गेली नाहीं. लॉरेन्सच्या 'लेडी चॅटर्लीज् लव्हर' या कादंबरीची प्रत विकल्याबद्दल मुंबईच्या पुस्तकविक्रेत्यास झालेली शिक्षा १९६४ सालीं आपल्या सर्वोच्च न्यायालयानें तिच्याच आधारें कायम केली. १९६२ च्या 'रंभा' दिवाळी अंकांतील 'श्यामा' या कथेबद्दल चंद्रकांत काकोडकरांना सुटका मिळाली ती १९६९ सालीं, तीही सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेल्यावर. शेवटीं २०१४ सालीं आपल्या न्यायालयानें हिक्लिनची कसोटी सोडली. ज्या देशानें ती बेनेटवर चालविली त्या अमेरिकेनें ती त्याआधीं सत्तावन्न वर्षें सोडली होती, आणि ती सुटली कशी हाच या कथेचा रसभरित भाग आहे.

मार्गारेट सँगर या परिचारिकेनें न्यूयॉर्कच्या गरीब वस्तींत बाळंतपणांनीं खंगलेल्या बायका पाहिल्या आणि त्यांना संततिनियमनाची माहिती देण्याचें व्रत घेतलें. १९१४ सालीं तिच्यावर आरोप ठेवण्यांत आले आणि तिला इंग्लंडास निघून जावें लागलें. मागें राहिलेल्या नवऱ्याकडे कॉम्स्टॉकचा हस्तक खोट्या नांवानें गेला, 'मला एक पुस्तिका द्या' म्हणाला, आणि ती दिल्याबद्दल नवरा तीस दिवस तुरुंगांत जाऊन बसला. तो खटला चालला त्याच महिन्यांत, सप्टेंबर १९१५ मध्यें, कॉम्स्टॉक वारला. या सँगरबाई १९३५ च्या डिसेंबरांत वर्ध्यास येऊन महात्माजींना भेटल्या होत्या. दोघांचें मत कांहीं जुळलें नाहीं, महात्माजींचा भर संयमावरच राहिला.

परंतु मला ज्या बाईची गोष्ट सविस्तर सांगावयाची ती मेरी वेअर डेनेट. ही बाई दोन मुलांची आई. मुलें वयांत येऊं लागलीं, प्रश्न विचारूं लागलीं, तेव्हां बाजारांत मिळणारीं पुस्तकें तिनें चाळून पाहिलीं. कांहीं नुसतीं शारीर, कांहीं नुसतीं भीति घालणारीं, आणि बहुतेकांत खोटें. तेव्हां तिनें १९१५ सालीं स्वतःच मुलांसाठीं एक लहानसा निबंध लिहिला. शरीराची रचना, तिचें कार्य, आणि प्रेमाशिवाय हें सर्व कसें हीन होतें, एवढाच त्याचा विषय. निबंध स्नेह्यांच्या घरीं हातोहात फिरला. १९१८ सालीं एका वैद्यकीय मासिकानें तो छापला. मग पुस्तिका निघाली आणि शिक्षक, धर्मोपदेशक, एवढेंच नव्हे तर ज्या ख्रिस्ती तरुणांच्या संघानें पूर्वी कॉम्स्टॉकला उभें केलें त्याच संघाचे लोकही ती मागवूं लागले.

१९२२ सालीं टपालखात्यानें पुस्तिका अश्लील ठरविली. यांतील कोणतें वाक्य वाईट तें सांगा, असें डेनेटबाईंनीं वारंवार लिहून विचारलें. खात्यानें तें सांगितलें नाहीं. तेव्हां बाई बंद पाकिटांतून पुस्तिका पाठवीतच राहिल्या. पुढें एका टपाल-निरीक्षकानें व्हर्जिनियांतील एका काल्पनिक स्त्रीच्या नांवानें प्रत मागविली. तशी स्त्री जगांत नव्हतीच. प्रत गेली, आणि आरोप आला. १९२९ सालीं ब्रुकलिन येथें खटला उभा राहिला तेव्हां बाईंचें वय सत्तावन्न होतें. ज्या मुलांसाठीं निबंध लिहिला तीं केव्हांच मोठीं होऊन संसाराला लागलीं होतीं. पुस्तिका कोणकोणत्या थोर संस्था वापरतात याचा पुरावा न्यायाधीशांनीं ज्यूरीसमोर येऊं दिला नाहीं. ज्यूरीनें दोषी ठरविलें, तीनशें डॉलर दंड झाला. बाई म्हणाल्या, दंड देणार नाहीं, तुरुंगांत जाईन.

पुस्तिकेंतील प्रत्येक मत मला पटतें असें नाहीं. आपल्याकडील जुन्या वळणाच्या घरांत हा विषय आईनें मुलांजवळ काढावा कीं काढूं नये, यावर दोन मतें होतील, आणि दोन्ही बाजूंचे लोक सज्जन असूं शकतील. पण आईनें काढलाच, गंभीरपणें काढला, तर तिला चोराच्या पिंजऱ्यांत उभें करणें हें कोणत्या नीतीच्या रक्षणासाठीं? चाळीस वर्षें वर्गांत काढलेल्या मनुष्यास एवढें ठाऊक असतें कीं, जें ज्ञान घरांत मिळत नाहीं तें मुलें बाकाखालून मिळवितात. आणि तेथें मिळतें तें ज्ञान नसतें. अपिलाच्या न्यायालयानें मार्च १९३० मध्यें डेनेटबाईंना निर्दोष ठरविलें. निकाल लिहिणारे न्यायमूर्ति ऑगस्टस हँड यांनीं म्हटलें तें थोडक्यांत असें कीं, सत्य माहिती शालीन भाषेंत आणि प्रामाणिक हेतूनें दिली, आणि तिनें क्वचित् कोणाच्या मनांत विकार उत्पन्न झाला, म्हणून ती अश्लील होत नाहीं. हिक्लिनच्या भिंतीला तडा गेला तो येथें.

बाईंचे वकील मॉरिस अर्न्स्ट यांनीं या खटल्याची फी घेतली नव्हती. पुढील मोठा खटलाही त्यांनींच लढविला. जेम्स जॉइस या आयरिश लेखकाची 'युलिसिस' ही कादंबरी अमेरिकेंत 'लिट्ल रिव्ह्यू' या मासिकांतून क्रमशः येत होती. त्याबद्दल मार्गारेट अँडरसन आणि जेन हीप या संपादिकांना १९२१ सालीं पन्नास पन्नास डॉलर दंड झाला. पुस्तक पॅरिसमध्यें १९२२ सालीं निघालें आणि अमेरिकेंत चोरून येऊं लागलें. १९३२ सालीं रँडम हाउसचे बेनेट सर्फ यांनीं अर्न्स्टच्या सल्ल्यानें एक युक्ति केली. एक प्रत मुद्दाम बोटीनें मागविली, तिच्यांत मोठमोठ्या टीकाकारांचे अभिप्राय चिकटवून ठेवले, म्हणजे तेही पुराव्यांत येतील. आणि कस्टमच्या माणसास सांगितलें, ही प्रत जप्त करा. सांगतात कीं, तो बिचारा म्हणाला, अहो, हें पुस्तक तर सगळेच आणतात, जाऊं द्या! पण यांनीं हट्टानें जप्त करविली.

खटला न्यायमूर्ति जॉन वूल्सी यांच्यापुढें आला. या गृहस्थांनीं तें अवघड पुस्तक समग्र वाचलें, आणि समजण्यासाठीं त्यावरील दुसरीं पुस्तकेंही वाचलीं. त्यांतील नेमका भाग तर पुनःपुनः वाचला. इतकेंच नव्हे, तर ज्यांच्या रुचीवर आणि जीवनानुभवावर आपला विश्वास आहे अशा दोन स्नेह्यांना, एकास दुसऱ्याचें कळूं न देतां, वाचावयास सांगून त्यांचेंही मत घेतलें. ६ डिसेंबर १९३३ रोजीं त्यांनीं निकाल दिला. पुस्तकाचा परिणाम कांहीं ठिकाणीं वाचकास उमासे आणणारा होईल, परंतु तें कामोत्तेजक कोठेंही नाहीं, असें त्यांनीं लिहिलें. हें वाचतांना मम्मटाची आठवण झाल्यावांचून राहत नाहीं: दोष आहे तो दुसऱ्या प्रकारचा, आणि कायदा केलेला पहिल्या प्रकारासाठीं! शिवाय वूल्सींनीं वाचक धरला तो दुर्बळ मनाचा पोर नव्हे, तर सामान्य, निरोगी मनाचा प्रौढ मनुष्य. निकालाच्या आदल्याच दिवशीं अमेरिकेंतील दारूबंदी उठली होती, त्यामुळें त्या आठवड्यांत न्यूयॉर्ककरांस दोन गोष्टी एकदम मिळाल्या. १९३४ सालीं अपिलांतही निकाल कायम राहिला. पुस्तक समाजाच्या नीतीस घातक आहे असें म्हणणारे तेथील एकमेव न्यायाधीश मार्टिन मँटन; हेच मँटनसाहेब पुढें १९३९ सालीं निकाल विकल्याच्या प्रकरणांत दोषी ठरून तुरुंगांत गेले.

हा सगळा झगडा खालच्या न्यायालयांत झाला. सर्वोच्च न्यायालयानें प्रश्नाला सरळ हात घातला तो १९५७ सालीं. त्या वर्षीं प्रथम न्यायमूर्ति फ्रँकफर्टर यांनीं मिशिगनचा एक कायदा रद्द केला. अल्पवयी मुलें बिघडतील म्हणून प्रौढांनाही अमुक पुस्तकें विकूं नयेत असा तो कायदा. फ्रँकफर्टर म्हणाले, हें तर डुकराचें पिल्लूं भाजण्यासाठीं घरच पेटवून देणें झालें. दृष्टांत आपल्या पंक्तीला बसणारा नाहीं, पण मर्म पोंचतें. नंतर जूनमध्यें रॉथचा निकाल लागला. सॅम्युएल रॉथ हा न्यूयॉर्कचा प्रकाशक, मोठा नामांकित खोडकर. 'युलिसिस' त्यानेंच पूर्वी लेखकाच्या परवानगीवांचून छापलें होतें, आणि त्याविरुद्ध १९२७ सालीं १६७ लेखकांनीं निषेध नोंदविला होता. अशा मनुष्याच्या नांवानें वाक्स्वातंत्र्याचा नवा सिद्धांत निघावा, हें दैवाचें कौतुक! न्यायमूर्ति ब्रेनन यांनीं सांगितलें कीं, अश्लील लेखनास घटनेचें संरक्षण नाहीं; परंतु अश्लील म्हणजे काय, तें ठरवितांना सामान्य मनुष्य, समकालीन समाजाचें माप आणि ग्रंथाचा समग्र आशय हीं पाहिलीं पाहिजेत. हिक्लिन गेलें. रॉथ मात्र पांच वर्षें तुरुंगांतच गेला. ब्लॅक आणि डग्लस हे दोन न्यायमूर्ति म्हणत राहिले कीं, 'कोणताही कायदा नाहीं' याचा अर्थ कोणताही कायदा नाहीं. मीमांसकांनीं यांना आपल्या पंक्तींत खुशाल बसवून घ्यावें.

मग दारें उघडलीं. त्याच वर्षीं सॅन फ्रॅन्सिस्कोंत ॲलन गिन्सबर्गच्या 'हाउल' या कवितेचा प्रकाशक सुटला. १९५९ सालीं 'लेडी चॅटर्ली' सुटली. १९६४ सालीं ओहायोंतील एका चित्रपटगृहाच्या व्यवस्थापकाचा दंड रद्द करतांना न्यायमूर्ति पॉटर स्ट्यूअर्ट यांनीं लिहिलें कीं, या वस्तूची व्याख्या मला कदाचित् कधींच करतां येणार नाहीं, पण पाहिली कीं ती मला ओळखतां येते, आणि हा चित्रपट ती नव्हे. माझ्या वर्गांत एखाद्या विद्यार्थ्यानें बहुव्रीहि समासाची व्याख्या अशी केली असती तर मीं त्याला बाकावर उभें केलें असतें. पण स्ट्यूअर्टसाहेबांच्या प्रामाणिकपणाला मात्र दाद दिली पाहिजे. न्यायमूर्तींवर त्या वर्षांत असा प्रसंग आला कीं, खटल्यांतले चित्रपट त्यांना न्यायालयाच्या इमारतींत बसून पाहावे लागत. वृद्ध हार्लन यांची दृष्टि फार अधू झाली होती. पडद्यावर काय चाललें आहे तें शेजारचे न्यायमूर्ति त्यांच्या कानांत सांगत! ब्लॅक कधीं गेलेच नाहींत.

आणि १९६६ सालीं 'फॅनी हिल' पुन्हा न्यायालयापुढें आली. तेंच पुस्तक, संस्थानही तेंच मॅसॅच्युसेट्स. १८२१ सालीं ज्यासाठीं होम्सला शिक्षा झाली तें, एकशें पंचेचाळीस वर्षांनीं, सामाजिक मूल्य सर्वथा नाहीं असें सिद्ध होत नाहीं म्हणून, निर्दोष ठरलें. १९६९ सालीं आणखी एक पाऊल पडलें. स्वतःच्या घरांत मनुष्य काय वाचतो वा पाहतो तें विचारण्याचा सरकारास अधिकार नाहीं, असें ठरलें.

येथपर्यंत माझी सहानुभूति सुटणारांकडे आहे. पुढील काळाविषयीं तसें सरसकट म्हणवत नाहीं. विद्वानांच्या ग्रंथांसाठीं उघडलेल्या दारांतून केवळ व्यापारी लोकांची झुंबड आंत शिरली. १९७० सालीं एका सरकारी आयोगानें प्रौढांपुरते हे कायदे काढून टाकावेत असें सुचविलें. राष्ट्राध्यक्ष निक्सन यांनीं तें साफ फेटाळलें आणि सीनेटनें ६० विरुद्ध ५ मतांनीं त्यांचीच री ओढली. १९७३ च्या 'मिलर' खटल्याची हकीकत ऐकण्यासारखी आहे. कॅलिफोर्नियांतील एका उपाहारगृहाच्या व्यवस्थापकाला टपालानें एक पाकीट आलें. त्यानें तें उघडलें तेव्हां त्याची आई जवळच होती. आंत न मागविलेल्या सचित्र जाहिराती. दोघांनीं पोलिसांत तक्रार केली. या मायलेकांची बाजू समजण्यास कायद्याचें ज्ञान लागत नाहीं.

सरन्यायाधीश बर्गर यांनीं त्या खटल्यांत जी तिहेरी कसोटी घातली तीच आजही चालू आहे. सामान्य मनुष्यास, त्या त्या समाजाच्या मापानें, समग्र कृति विकारोद्दीपक वाटते काय. संस्थानच्या कायद्यांत नमूद असलेलें कामवर्तन ती ढळढळीत किळसवाण्या रीतीनें दाखविते काय. आणि तिला वाङ्मयीन, कलात्मक, राजकीय किंवा शास्त्रीय असें कांहीं गंभीर मूल्य आहे काय? निकाल ५ विरुद्ध ४ असा निसटता. आश्चर्य असें कीं, रॉथची कसोटी ज्यांनीं लिहिली ते ब्रेननच त्या दिवशीं विरुद्ध बाजूस होते. सोळा वर्षें प्रयत्न करूनही ही रेषा आंखतां येत नाहीं, तेव्हां प्रौढांपुरता हा नाद सोडावा, असें त्यांनीं लिहिलें. दुसऱ्याच वर्षीं जॉर्जियांत एका प्रतिष्ठित चित्रपटाला गांवच्या ज्यूरीनें अश्लील ठरविलें, आणि सर्वोच्च न्यायालयाला एकमतानें सांगावें लागलें कीं, गांवाचें माप म्हणजे वाटेल तें माप नव्हे. मुलांचा वापर करून केलेल्या चित्रांना मात्र कोणतीही कसोटी न लावतां बंदी, हें १९८२ सालीं ठरलें, त्याबद्दल न्यायालयांत एकाचेंही मत विरुद्ध पडलें नाहीं.

इंटरनेट आलें तेव्हां काँग्रेसनें १९९६ सालीं पुन्हा मुलांच्या नांवानें व्यापक कायदा केला, आणि १९९७ सालीं न्यायालयानें तो मिशिगनच्याच न्यायानें रद्द केला. तेव्हां संगणक घरांतील एखाद्या टेबलावर असे आणि आईबाप पाठीमागून डोकावूं शकत. आतां तें यंत्र मुलाच्या खिशांत आहे. टेक्सास संस्थाननें २०२३ सालीं असा कायदा केला कीं, ज्या संकेतस्थळांवर एकतृतीयांशाहून अधिक मजकूर मुलांस अपायकारक कामुक स्वरूपाचा आहे त्यांनीं येणाराचें वय तपासलेंच पाहिजे. २७ जून २०२५ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें ६ विरुद्ध ३ मतांनीं तो उचलून धरला. न्यायमूर्ति थॉमस यांनीं लिहिलें कीं, मुलांना अडवितांना प्रौढांवर पडणारें ओझें आनुषंगिक आहे. न्यायमूर्ति केगन यांचा आक्षेप असा कीं, जें वाचण्याचा प्रौढास घटनादत्त अधिकार आहे त्यासाठीं त्यानें आधीं आपली ओळख दाखवावी, हें ओझें एवढें हलकें मानतां येत नाहीं. नातवंडें असलेल्या मनुष्यास येथें थॉमस यांची बाजू जवळची वाटते, हें मी लपवीत नाहीं. परंतु डेनेटबाईंच्या पुस्तिकेची प्रत मागवितांनाही जर नांव, वय आणि ओळखपत्र लागलें असतें, तर किती आयांनीं ती मागविली असती, हा हिशेब त्याबरोबर करावा लागतो.

कॉम्स्टॉकचा १८७३ चा कायदा अद्याप रद्द झालेला नाहीं. संततिनियमनाचीं साधनें त्यांतून १९७१ सालीं वगळण्यांत आलीं. अश्लील लेखनासंबंधींचें कलम आणि गर्भपाताच्या औषधांसंबंधींचें कलम कागदावर तसेंच राहिलें. २०२२ सालीं सर्वोच्च न्यायालयानें गर्भपाताचा घटनादत्त अधिकार काढून घेतल्यावर त्या देशाचे वकील तीं जुनीं पानें पुन्हा उघडून वाचूं लागले आहेत.